गडाकडची खिडकी

शालनच्या घराचा स्लॅब ओतला त्या दिवशी झुंबरबाईंनी तीन वेळा जिलेबी वाढून घेतली आणि तिन्ही वेळा ती बरी नसल्याचं सांगितलं. पहिल्यांदा ती गार होती, दुसऱ्यांदा गोड जास्त होती, आणि तिसऱ्यांदा "कामशेतवरनं आनली वाटतं" एवढंच म्हणून त्यांनी पान बाजूला सारलं. पान रिकामं होतं.

शालन म्हणजे त्यांची धाकटी जाऊ. वय अठ्ठावन्न. या वयात भाजे गावातल्या बायका गुडघ्यांना तेल चोळतात आणि सुनेच्या हाताला चव नाही हे एकमेकींना सांगतात. शालनने घर बांधायला काढलं. नवरा कैलास गेला तेव्हा तिची पोर चैताली पाळण्यात होती. त्यानंतर एकतीस वर्षं शालनने लोणावळ्याच्या एका बंगल्यावर स्वयंपाक केला आणि बंगल्यामागच्या खोलीत दिवस काढले. मालकांनी बंगला विकला, तेव्हा ती मळवलीला भाड्याच्या खोलीत आली ती डोक्यात नकाशा घेऊनच. वाटणीत आलेला दीड गुंठा तिने कुणाला विकला नव्हता. विकत मागायला आलेल्यांना चहा पाजून परत पाठवलं होतं. त्या दीड गुंठ्यावर आता सहा खांब उभे होते आणि खांबांवर स्लॅब होता. दोन खोल्या. त्यातल्या एकीतूनही शालनला 'जरा बाहेर थांब' असं म्हणणारा माणूस अजून जन्माला आलेला नव्हता. झुंबरबाईंच्या पोटात दुखायचं ते इथे.

झुंबरबाईंना घर नव्हतं असं मात्र कुणी म्हणू नये. शालनच्या जागेला लागूनच त्यांचा दुमजली बंगला होता आणि फाटकावर 'झुंबर व्हिला' अशी पाटी होती. संध्याकाळी पाटीच्या मागे निळा दिवा लागायचा. मुलाने, सत्यमने, आईच्या नावाचं घर बांधलं म्हणून नऊ वर्षांपूर्वी गावात केवढं कौतुक झालं होतं. फक्त दर शुक्रवारी मुंबई-पुण्याचे भाडं देणारे पाहुणे यायचे, आणि पाहुणे यायच्या आत झुंबरबाई आपली चादर, औषधांचा डबा आणि नवरा दत्तोबा यांना घेऊन मागच्या पत्र्याच्या खोलीत जायच्या. सत्यम आणि सून सविता गच्चीवरच्या खोलीत झोपायचे, कारण पाहुण्यांना काही लागलं तर कुणीतरी जवळ हवं. म्हातारी माणसं पाहुण्यांना लागत नसत. सोमवारी झुंबरबाई परत आत यायच्या तेव्हा त्यांच्या उशीला दुसऱ्याच कुणाच्यातरी तेलाचा वास असायचा.

हॉलमध्ये त्यांचा आणि दत्तोबांचा जोडीने काढलेला मोठा फोटो होता. घरात त्या दोघांपैकी कुणीच दिसत नसल्यामुळे पाहुणे आपल्या मनाने अर्थ लावत. एकदा ठाण्याच्या एका बाईंनी जाताना फोटोला हात जोडले आणि सत्यमला म्हणाल्या, "किती शांत चेहरे होते हो!" सत्यमने मान खाली घातली. त्या वेळी दत्तोबा मागे परसात त्याच बाईंच्या गाडीचे टायर धूत होते.

पत्र्याच्या खोलीला खिडकी नव्हती. दार होतं, आणि दारातून शालनचं घर दिसायचं. दुसरं काही दिसायची सोयच नव्हती. त्यामुळे पाया खणल्यापासून झुंबरबाईंनी ते घर इतकं पाहिलं, की शालनने स्वतः तेवढं पाहिलं नसेल. शनिवार-रविवारची सवय लागली आणि मग त्या मंगळवारी-बुधवारीही मिरच्या निवडायच्या निमित्ताने पत्र्याच्या दारात येऊन बसू लागल्या.

"काय बगायचं त्यात एवढं?" दत्तोबा विचारायचे.

"बगतंय कोन? दार उगडं हाय."

शालनने आपल्या परीने बंदोबस्त केला होता. बांधकामाला नजर लागू नये म्हणून पेंढा भरलेलं एक बुजगावणं तिने पुढच्या खांबाला टांगलं. त्याला घालायला जुना सदरा हवा होता, तो दत्तोबांनी मोठ्या मनाने दिला. तेव्हापासून रोज सकाळी डोळे उघडले, की झुंबरबाईंना आपला नवरा जावेच्या घराला लटकलेला दिसायचा, आणि तो तिथे कुणापासून राखण करतोय हे त्यांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

स्लॅब ओतून दोन दिवस झाले आणि शालन पत्र्याच्या दारात येऊन उभी राहिली. हातात निळ्या पाइपचं भेंडोळं.

"बाई, मी आंबीला चालले. चैतालीचे दिस भरत आलेत."

पहिलं बाळंतपण माहेरी करायची रीत असते. पण चैतालीचं माहेर अजून सेंट्रिंगच्या फळ्यांवर उभं होतं, म्हणून माहेरच उठून तिच्या सासरी निघालं होतं.

"मग जा की. मला कशाला सांगतीस?"

"स्लॅबला पानी मारायचंय. चौदा दिस. सकाळी, दुपारी, सांजच्याला."

"मी मारू?"

"तुमी दिसभर बगतच असता. बगता बगता पानी बी पडंल."

झुंबरबाईंनी तिच्या तोंडाकडे निरखून पाहिलं. तिथे टोमणा नव्हता. शालनचा हाच दुर्गुण होता. टोमणा मारून तोंड साधं ठेवायची कला ती बंगल्यावर शिकून आली होती.

"आन मला न्हाई जमलं तर?"

"तर पलीकडच्या हिराला सांगते. ती म्हनलीच होती, मी मारते म्हनून."

"हिरा? तिला तुळशीला पानी घालायची आठवन ऱ्हात न्हाई, ती तुजा स्लॅब भिजवनार! आन तो पाइप हिकडं."

शालन गेली. पाइप राहिला. झुंबरबाईंनी तो दाराशी ठेवला आणि त्याच्याशेजारी बसून राहिल्या.

शिमग्याचं ऊन होतं. ताज्या स्लॅबला पाणी कमी पडलं तर त्याला बारीक चिरा जातात आणि पुढे त्या चिरांतून मावळचा पाऊस घरात उतरतो, हे सांगायला इंजिनिअर लागत नाही. झुंबरबाई काही वाईट करणार नव्हत्या. त्या फक्त बसणार होत्या. गुडघे दुखत होते, ही गोष्ट खरीच होती. म्हातारं माणूस आहे, विसरलं. एक दिवस विसरलं, दोन दिवस विसरलं. दुपारचा एक वाजला. स्लॅबच्या कडा पांढुरक्या दिसू लागल्या. झुंबरबाईंना बऱ्याच दिवसांनी बरं वाटत होतं.

तेवढ्यात रस्त्याने हिरा चालली होती ती थांबली.

"आक्का, पानी तुमच्याकडं दिलंय व्हय शालननं? डोकं हाय बाई तिला."

"का गं?"

"उद्या कुटं चीर पडली तर कुनाची नजर, कुनाची नजर, म्हनून हुडकत बसायला नको."

हिरा हसली आणि गेली. झुंबरबाई गुडघ्यांचं दुखणं विसरून उठल्या आणि पाइप ओढत निघाल्या. शालनने त्यांना पुरतं बांधून टाकलं होतं. त्या एवढ्याशा स्लॅबवर आता कुठेही केसाएवढी चीर दिसली, तरी ती त्यांच्याच डोळ्यांतून निघालेली ठरणार होती.

त्या दिवशी त्यांनी पाच वेळा पाणी मारलं. दुसऱ्या दिवशी सहा वेळा. जाताना शालन तीनदा म्हणाली होती, पण शालनचं काय, तिच्या नजरेबद्दल गावात कुणी बोलत नव्हतं.

तिसऱ्या दिवशी खालून पाणी नीट पोचत नाही अशी शंका आली म्हणून त्या बांबूच्या शिडीने वर चढल्या. त्रेसष्टाव्या वर्षी शिडी चढताना त्यांनी शालनला प्रत्येक पायरीला एक अशा सात शिव्या दिल्या. वर पोचल्या आणि गप्प झाल्या. पाणी साचून राहावं म्हणून गवंड्याने स्लॅबवर सिमेंटचे छोटे बांध घालून वाफे केले होते. हुबेहूब भाताची खाचरं. झुंबरबाईंनी चाळीस वर्षं भात लावला होता. मग सत्यमने ती खाचरं प्लॉटवाल्यांना दिली आणि त्या पैशात व्हिला उठला. त्यांनी पाण्यात बोट घालून पाहिलं. एका वाफ्यात दोन पेरं पाणी होतं, दुसऱ्यात एकच. "ह्ये काय लावलंय," त्या स्वतःशी म्हणाल्या, आणि पदर खोचून सगळ्या वाफ्यांत पाणी सारखं करायला लागल्या. खाली यायला त्यांना दीड तास लागला.

शनिवारी व्हिलात पुण्याची मंडळी होती आणि त्यांच्याबरोबर गाणी वाजवणारं एक मोठं खोकं होतं. त्याच्या दणक्याने पत्र्याची खोली थडथडत होती. झुंबरबाईंनी भाकरी फडक्यात बांधली आणि स्लॅबवर जाऊन बसल्या. कडेचा एक हातभर कोरडा पट्टा त्यांनी स्वतःसाठी ठेवला होता. समोर लोहगड, त्याच्या अंगाला विसापूर, चहूबाजूंनी पाणी, आणि मधे त्या.

व्हिलाच्या वरच्या सज्जात ट्रॅकसूट घातलेल्या एक बाई कॉफीचा मग घेऊन आल्या. दोघी समोरासमोर, एकाच उंचीवर. नऊ वर्षांत व्हिलाचा पाहुणा आणि झुंबरबाई एका उंचीवर येण्याची ही पहिलीच वेळ.

"आजी, तुमचं घर का हो हे?"

यावर एक साधं उत्तर होतं. झुंबरबाईंनी दुसरं दिलं.

"व्हय."

"अय्या, किती छान! या वयात बांधताय?"

"येळ लागतो. येकतीस वर्सं दुसऱ्याच्यात काडली." शालनची एकतीस वर्षं त्यांच्या तोंडात आयती येऊन बसली, जरासुद्धा टोचली नाहीत.

"मी ह्यांना तेच म्हणते, आपलं असं काहीतरी हवं. आणि किचन कुठे करणार?"

आता खरं तर थांबायला हवं होतं. पण झुंबरबाईंनी भाकरी खाली ठेवली आणि हात लांबवून सांगायला सुरुवात केली. ओटा त्या कोपऱ्यात. कमरेच्या वर चार बोटं, म्हणजे पाठ वाकत नाही. चारफुटी खिडकी, पण गडाकडे नाही, तिकडून पाऊस आडवा येतो. खिडकी अलीकडे, सकाळचं ऊन पीठ मळताना हातावर पडलं पाहिजे. मसाल्याचे डबे डाव्या हाताला, कारण उजव्या हातात पळी असते. दाराशी एक कट्टा, भाजी निवडायला. बाई "वाव" म्हणत होत्या आणि झुंबरबाईंना स्वतःचंच नवल वाटत होतं. हे स्वयंपाकघर आपल्याकडे आहे हे त्यांना ठाऊकच नव्हतं. व्हिला बांधताना त्यांना कुणी काही विचारलं नव्हतं. पाटीवर नाव इंग्रजीत लिहू का मराठीत, एवढं विचारलं होतं, आणि त्यांनी मराठीत म्हटल्यावर ते दोन्हीत लिहिलं होतं.

"आणि ते मागे पत्र्याचं काय आहे हो?" बाईंनी विचारलं.

झुंबरबाईंनी वळून पाहिलं. दारात दत्तोबा नुसत्या बनियनवर बसून बिडी शोधत होते.

"म्हातारी मानसं हायेत," त्या म्हणाल्या. "शनवार-रव्वार असत्यात."

चौदा दिवसांच्या ठिकाणी त्यांनी सतरा दिवस पाणी मारलं. अठराव्या दिवशी गवंडी राजमहंमद माणसं घेऊन आला आणि सेंट्रिंग खोललं. फळ्या निघाल्या, टेकू निघाले, आणि खाली गार सावली पडली. राजमहंमदने स्लॅबला खालून हातोडी मारली. खणखणीत आवाज आला. मग तो मान वर करून इकडून तिकडे फिरला.

"मावशी, केसाएवडी चीर न्हाई. असला स्लॅब लय दिसांत बगितला न्हाई मी."

झुंबरबाईंना केवढा तरी आनंद झाला, आणि लगेच आठवलं की तो शालनचा आहे.

दुसऱ्या दिवशी विटांचं काम सुरू झालं. दोन दिवसांत भिंत कमरेएवढी वर आली आणि राजमहंमद थापी हातात धरून थांबला. खिशातून फोन काढला, कानाला लावला, परत खिशात घातला. असं चार वेळा झालं.

"काय झालं रं?"

"शालनताईंचा फोन लागत न्हाई. पोरीला दवाखान्यात नेलंय म्हनं सकाळी. ह्या खिडकीचं इचारायचं हुतं."

"काय इचारायचं?"

"ओट्यासमोर, गडाकडं, चारफुटी खिडकी, असं सांगून गेल्यात. मी म्हनलो, ताई, तिकडनं झोडपा येतो, पानी आत येईल. ऐकंनात. येकदा परत इचारावं म्हनलं. मानसं खोळंबलीत. तुमी सांगा, गडाकडंच धरू ना?"

झुंबरबाईंना ती खिडकी माहीत होती. व्हिलाच्या खालच्या खोलीत तशीच एक होती. सत्यमच्या आर्किटेक्टने तिला 'व्ह्यू' म्हटलं होतं. पावसाळ्यात त्या व्ह्यूमधून इतकं पाणी यायचं, की झुंबरबाई चार महिने गोणपाट आणि दत्तोबांची जुनी बनियनं घेऊन तिच्याखाली बसलेल्या असायच्या. पाहुण्यांची तक्रार नसायची. ते मुळात भिजायलाच आलेले असायचे.

म्हणजे आता फक्त 'व्हय' म्हणायचं होतं. खोटं बोलायचं नव्हतं, कुणाचं वाईट करायचं नव्हतं. शालननेच सांगितलं होतं, ते राजमहंमदला परत सांगायचं. मग आषाढ येईल. शालनचा गॅस भिजेल. काडेपेटी सादळेल, पिठाच्या डब्याला बुरशी धरेल, आणि शालन ओट्यावर चढून खिडकीला प्लास्टिक बांधत असेल. आणि झुंबरबाई पत्र्याच्या दारात कोरड्या बसून म्हणतील, 'काय गं शालन, गड दिसतोय का?' गेल्या दोन महिन्यांत इतका सुंदर विचार त्यांच्या मनात आला नव्हता. त्यांनी तो क्षणभर नुसता धरून ठेवला.

मग त्यांची नजर त्या कोपऱ्यावर गेली. कमरेच्या वर चार बोटं. डाव्या हाताला मसाल्याचे डबे. आणि तिथे पाण्याचं थारोळं.

"गडाकडं नको," त्या म्हणाल्या. "हितं." आणि त्यांनी आपल्या अंगणाकडच्या भिंतीवर हात ठेवला.

बोलून झाल्यावर त्यांना आपण काय बोललो ते कळलं. पण राजमहंमदचा चेहरा एवढा मोकळा झाला, की माघार घ्यायला जागा राहिली नाही. "आता कसं बोललात!" म्हणत त्याने दोरी सोडली. नाइलाजाने झुंबरबाईंनी ओट्याची उंचीही सांगून टाकली. मग फळीची जागा. मग दाराशी कट्टा. सहा दिवस त्या एका उपड्या घमेल्यावर बसून होत्या आणि राजमहंमदची माणसं त्यांना 'मालकीनबाई' म्हणत होती. त्यांनी एकदाही कुणाची चूक दुरुस्त केली नाही.

शुक्रवारी सकाळी शालन आली. चैतालीला मुलगी झाली होती. बर्फीचा पुडा झुंबरबाईंच्या हातात देऊन ती आधी शिडीने वर गेली, स्लॅबवरून हात फिरवला, खाली आली.

"लय झ्याक राखलाय, बाई. पोरागत."

झुंबरबाईंनी बर्फी खाल्ली. खरोखरच चांगली होती, आणि त्या तसं म्हणणारही होत्या. तोवर शालन आत गेली. मग ती बाहेर आली.

"ही खिडकी हितं कुनी सांगितली?"

राजमहंमद आपल्या थापीकडे बघायला लागला.

"मी," झुंबरबाई म्हणाल्या.

"का?"

"गडाकडनं पानी येतं. आडवं. नऊ वर्सं पुसतीया मी."

"आन हिकडनं काय येतं?"

"हिकडनं काय येनार? हिकडं आमचं आंगन हाय."

"त्येच म्हनते मी," शालन म्हणाली. तिचा आवाज बंगल्यातल्यासारखा खालच्या पट्टीतला होता. "तुमच्या दारातनं माजं घर दिसत हुतं, त्ये कमी पडलं. आता माज्या कडईत काय शिजतंय, त्ये बी दिसाय पायजे."

जन्मात एकदा झुंबरबाईंच्या हातून शालनचं भलं झालं होतं, आणि नेमकं तेच चोरीचं ठरत होतं. शालनच्या तोंडावर शपथ घ्यावी असं त्यांना वाटलं. पण ती खिडकी बसल्यापासून पत्र्याच्या दारातून आतला ओटा दिसतो की नाही हे त्यांनी दोन वेळा बसून पाहिलं होतं. दिसत होता. त्यामुळे शपथ राहिली.

"आगं, आषाढात गॅस पेटायचा न्हाई तुजा!"

"न पेटंना. येकतीस वर्सं दुसऱ्याच्या खिडकीतनं डोंगर बगितला मी, कांदा चिरता चिरता. जरा मान वर केली की बाईसाहेब म्हनायच्या, शालन, लक्ष कुठाय? आता माजी खिडकी, माजा कांदा. पानी येईल तर येईल. माजं मी पुसंन." ती राजमहंमदकडे वळली. "भाऊ, बुजवा ही. गडाकडं काडा."

"ताई," राजमहंमद चाचरत म्हणाला, "मावशींचं बरोबर हाय तसं."

"बरोबर असंल. बुजवा."

माणसांनी पहारी घेतल्या. गडाकडची भिंत फुटू लागली. झुंबरबाई तिथेच उभ्या राहिल्या. पाऊस तर आता आत येणारच होता, गॅस भिजणारच होता. आनंद व्हायला हरकत नव्हती. तो काही होईना. 'बरोबर असंल, बुजवा.' असं बोलता येतं? सगळ्यांनी बरोबर म्हटल्यावरही? आजवर त्यांनी शालनच्या खांबांचा हेवा केला, स्लॅबचा केला, विटांचासुद्धा केला, कारण त्या पक्क्या भाजलेल्या होत्या. पण चुकीची खिडकी आपल्याला हवी तिथे पाडून घेणाऱ्या बाईचाही हेवा करायचा असतो हे त्यांच्या ध्यानातच आलं नव्हतं, आणि आता हा सगळ्यांत मोठा हेवा एकदम अंगावर आला. छातीत कळ आल्यासारखं झालं. ती बर्फी असू शकत होती. नव्हती.

त्या घरी आल्या. व्हिलात. आपल्या खोलीत जाऊन पलंगावर बसल्या. दुपारी तीनला सत्यम डोकावला.

"आई, आवर लवकर. चारला येतायत. बारा जण आहेत, चादरी बदलायच्यात."

"बदल की."

"मग ऊठ ना."

"न्हाई उठत."

सत्यमला वाटलं गुडघे दुखतायत. त्याने हात पुढे केला. झुंबरबाईंनी तो पाहिला आणि आपले हात मांडीवर ठेवले.

"आई, तुझ्या खोलीचं बुकिंग झालंय."

"माजी म्हनतोस आन बुकिंग म्हनतोस."

"अगं, तसं नाही…"

"त्येंना पत्र्याच्या खोलीत घाल. गारवा असतो म्हनून तूच सांगतोस आमाला."

सविता आली. "आत्याबाई, लोक काय काय लिहितात माहितीये ना नेटवर? एक जरी वाईट लिहिलं ना…"

"लिवू दे. बरोबर असंल त्येंचं."

"आई, हे चुकतंय तुझं," सत्यम म्हणाला. त्याच्या आवाजात राग कमी होता आणि घाबरलेपण जास्त. आईने चुकायचं ठरवलं तर काय करतात, हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं.

"चुकतंय," झुंबरबाई म्हणाल्या. "जावा आता."

दत्तोबा एव्हाना सवयीने चादर आणि औषधांचा डबा घेऊन दारात येऊन उभे होते. त्यांनी मुलाकडे पाहिलं, सुनेकडे पाहिलं.

"मग मी कुटं?"

"आत या, न्हाईतर भाईर जावा. दारात उबं ऱ्हाऊ नका. मला कडी लावायचीय."

दत्तोबांनी थोडा विचार केला आणि ते आत आले. झुंबरबाई उठल्या. आतली कडी त्यांनी नऊ वर्षांत कधी लावली नव्हती. तिच्यावर रंगाचा थर बसला होता आणि ती हलत नव्हती. त्यांनी पायातली चप्पल काढली आणि खालून चार फटके दिले. पाचव्याला कडी बसली. त्यांनी ती काढून पुन्हा लावून पाहिली.

बाहेर गाड्या आल्या. दारं उघडल्याचे आवाज, कुणीतरी "वॉशरूम कुठे आहे?" विचारतंय, सत्यमचं "दोन मिनिटं हं, सर", मग आपल्याच दारावर हलकी टकटक. दत्तोबा औषधांचा डबा मांडीवर घेऊन पलंगाच्या अगदी कडेला बसले होते, बसमध्ये बसतात तसे.

"किती येळ बसायचं?" त्यांनी हळूच विचारलं.

झुंबरबाई दाराला पाठ लावून उभ्या होत्या आणि शालनच्या घराकडून येणारे पहारीचे ठोके ऐकत होत्या.

"तिच्याकडं," त्या शेवटी म्हणाल्या, आणि दोन महिन्यांत पहिल्यांदाच त्यांचा चेहरा निवळला, "तिच्याकडं आजून दार बी न्हाई."